मोटारीच्या दिवशीची मेणबत्ती

रात्री दव गोठलं होतं. कापणी झालेल्या मक्याच्या धाटांवर कुणी मीठ फेकल्यागत सगळं रान पांढरं दिसत होतं. हेलादिओनं गाढवाच्या पाण्यावरचा बर्फाचा पापुद्रा काठीनं फोडला, कोंबड्यांना दाणे टाकले आणि अंगावर घोंगडी ओढून तो उतार उतरत गावकचेरीकडं निघाला. वाटेत निम्म्या घरांना कुलपं. ओआहाकाच्या या डोंगरातली माणसं एकेक करून उत्तरेला गेली, सीमेपलीकडं, आणि मागं राहिली ती म्हातारी नाहीतर कुत्री.

कचेरीच्या छपरावर भोंगा होता आणि खाली एका खोलीत त्याचं यंत्र. केस काळे होते तेव्हापासून या खोलीची किल्ली हेलादिओच्या कमरेला होती. रोज सकाळी तो भिंतीवरच्या कॅलेंडरचं एक पान फाडायचा आणि खालच्या पानावर बारीक अक्षरात छापलेलं असायचं ते गावाला वाचून दाखवायचा: आजची तारीख, आजचा संत, आजचा दिनविशेष. मग कुणाकडं डुक्कर कापलंय, कुणाची शेळी हरवलीय ते.

आज बोटं गारठून लाकडं झाली होती. त्यानं पान फाडलं, खिशात कोंबलं, चूल पेटवायला उपयोगी पडतं म्हणून. मग घसा खाकरला आणि सांगितलं, आज तीस जानेवारी, संत मार्टिनाबाईंचा दिवस. आजच्या दिवशी इंग्लंडात राजाचं मुंडकं उडवलं. आजच्याच दिवशी हिंदुस्तानात गांधी नावाच्या म्हाताऱ्याला प्रार्थनेला जाताना गोळ्या घातल्या. आजच्याच दिवशी लंडनमध्ये चार पोरं वाद्यं घेऊन छपरावर चढली आणि गायली. आणि फिदेंसियाकडं मक्याच्या पानात उकडलेले तमाल गरम आहेत.

घरी येऊन चुलीपुढं बसला आणि खिशातलं पान काढलं, तर एकाची दोन निघाली. एक कालचं. दुसरं एकोणतीस जानेवारी, आजचं, न वाचलेलं.

पहिल्यांदा तो उठलाच. परत जावं, चूक सांगावी. मग तसाच खाली बसला.

परवाच इलेउतेरिओ, नवा सरपंच, मोठ्या अदबीनं म्हणाला होता, "काका, ऐकतंय कोण? ज्याच्या त्याच्या हातात फोन. खोली मोकळी करा, इंटरनेटचं मशीन बसवायचंय." आता आयतीच परीक्षा होणार होती. एकानं जरी येऊन टोमणा मारला, काय हो, एक दिवस खाऊन टाकलात का, तर भोंगा ठेवायचा. नाही कुणी आलं, तर उजेड आहे तोवर किल्ली सरपंचाच्या टेबलावर.

टोमण्यांना हे गाव कधी कमी नव्हतं. एकदा त्यानं चिठ्ठ्यांची अदलाबदल करून पोर्फिरियाकडं डुक्कर कापलंय असं सांगितलं होतं. तिकडं तिची सासू वारली होती. लोक भांडी घेऊन मयताला पोचले. पुढं वर्षभर माणसं त्याला रस्त्यात अडवून विचारत, "हेलादिओ, आज कुणाची सासू शिजलीय?" तेव्हा त्याला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. आज तेच कुणीतरी विचारावं म्हणून तो दुकानात काडेपेटी घ्यायला गेला आणि नको तितका वेळ उभा राहिला. दुकानदारीण थंडीबद्दल बोलली. चौकातल्या बाकावर दोघं म्हातारे उन्हाला बसले होते. त्यांच्यापुढून तो जाऊन आला, परत गेला. त्यांनी टोपीला हात लावला, एवढंच. फिदेंसियाला विचारलं, सकाळी खपले का तमाल? ती म्हणाली, खपले की, सुनेनं फोनवर टाकलं होतं.

घरी येऊन तो दाराशी दिवसभर धाटं बांधत बसला. बायको गेल्यापासून दाराचा आवाज त्याच्या एकट्याच्याच हातानं व्हायचा. कुत्र्यानं मान वर केली की तो वाटेकडं बघायचा. कुत्र्याला माश्या चावत होत्या.

ऊन डोंगरावरून उतरलं तसा तो उठला. किल्ली घेतली आणि बाहेर पडणार तोच चढणीकडून हाक आली.

"कोंपाद्रे, आहात का आटोपलात?"

नाबोरा होती, वरच्या आळीतली. तिच्या लेकीच्या बाप्तिस्म्याला हेलादिओ धर्मपिता म्हणून उभा राहिला होता, तेव्हापासून ही दोघं एकमेकांना कोंपाद्रे, कोमाद्रे. तिच्या हातात फडक्यानं झाकलेलं मडकं होतं. तिच्या मेलेल्या नवऱ्याच्या, सेवेरोच्या, वर्षदिनाला ती दरवर्षी मिरचीच्या रश्शातलं कोंबडं आणून द्यायची.

"धावपळ झाली हो नुसती," ती दारातच टेकत म्हणाली. "लेकीनं धाडलेला फोन पडलाय मक्याच्या कणगीत, मला कुठं त्यात दिसतंय. मी आपली उद्या, उद्या म्हणत बसलेली. तर सकाळी तुमचा भोंगा: हिंदुस्तानातला म्हातारा गेला. म्हटलं, अगं बाई, म्हणजे आपलाही गेला की."

सेवेरो गेला त्या सकाळी त्याच्या घशात घरघर लागलेली असताना भोंग्यावर त्या म्हाताऱ्याचं चाललं होतं. नाबोराला अक्षर येत नव्हतं. तिनं नवऱ्याचा दिवस त्या म्हाताऱ्याशी बांधून ठेवला होता.

ती सांगत होती: कोंबडं धरलं, मान मुरगळली, शिजवलं, कबर झाडली, मेणबत्ती लावली.

हेलादिओला हवं होतं ते मिळालं होतं: भोंगा ऐकणारं एक माणूस. गप्प बसला असता तर कुणाला कळलंही नसतं. मडक्यातून वाफ येत होती.

"कोमाद्रे," तो म्हणाला, "म्हातारा उद्या जातो."

"कोण?"

"हिंदुस्तानातला. दोन पानं एकदम फाटली माझ्या हातानं. आज एकोणतीसच आहे."

नाबोरानं मडक्यावरचं फडकं सारखं केलं. मग तिनं विचारलं, "मग आज काय होतं?"

त्यानं खिशातलं पान काढून वाचलं. आजच्या दिवशी जर्मनीत एकानं मोटारगाडीचा हक्क कागदोपत्री नोंदवला.

"मोटार?" ती म्हणाली. "त्या मोटारीपायी माझ्या माणसाची खेचरं गेली. सडक झाली आणि त्यांच्या पाठीवरून माल न्यायला कुणी विचारेना. आणि मोटारीच्या दिवशी मी त्याला मेणबत्ती लावली? पाठ करून बसला असेल तो तिकडं माझ्याकडं."

"चुकलंच माझं."

"ते तर आहेच. उद्या परत सांगा म्हाताऱ्याचं. आणि चष्मा पुसून सांगा. मी परत जाईन कबरीवर." ती गुडघ्यावर हात देऊन उठली. "पण उद्याचं कोंबडं तुमचं."

"वरच्या आळीत आणखी कुणी ऐकतं का हो भोंगा?" त्यानं न राहवून विचारलं.

"वरच्या आळीत आहे कोण?" नाबोरा म्हणाली आणि काठी टेकत निघाली.

ती वळणाआड जाईपर्यंत तो उभा राहिला. मग आत जाऊन किल्ली खुंटीला अडकवली. कोंबड्या झाडावर चढायच्या आत एक तांबडी धरून टोपलीखाली झाकली. मडकं राखेशेजारी ठेवलं, पातेल्यात उद्यासाठी मका ओतला, वर पाणी घातलं आणि साल सुटावी म्हणून चुन्याची चिमूट टाकून हातानं ढवळू लागला.