माइकवरचा फॉरवर्ड

भिलाईचा कारखाना उभा राहत होता, तेव्हा फुटबॉलसाठीच नोकरीवर घेतलेला एक फॉरवर्ड आमच्या संघात होता. गुडघा गेला आणि त्याचा खेळ सुटला. महिनाभर तो मैदानाकडे फिरकलाच नाही. मग एका रविवारी सेक्टर दोनच्या मैदानावर तो लाउडस्पीकरचा माइक धरून सामन्याचं वर्णन करायला बसला. बोलताना त्याचा धड पाय टेबलाखाली किक मारत होता. चरोद्याच्या रेल्वेवाल्यांनी आमच्यावर गोल केला, तेव्हा तो उठून 'गोल!' असा ओरडला की आमचेच लोक चिडले.

सामना संपल्यावर मी विचारलं, "त्यांच्या गोलवर एवढे खूश कावून झाले, भाऊ?"

घाम पुसत तो हसला. "खेळत होतो तवा एकाच बाजूचे गोल माहे होते. आता दोन्हीकडचे माह्याच तोंडून होऊन राहिले ना!"