डंकनसाहेबांचा एक गोल

कापसाच्या जिनिंग फॅक्टरीतले आम्ही जुने चार जण एकत्र बसले की चहा थंड होतो, पण डंकनसाहेब काही संपत नाहीत! एकाने एक किस्सा सांगितला की दुसऱ्याला दोन आठवतात. मी त्या फॅक्टरीत कारकून होतो, त्यामुळे माझ्याकडे जरा जास्तच साठलेत.

साहेब स्कॉटलंडचे. वाशीमला आमच्या जिनिंगचं इंजिन सांभाळायला आले. त्याआधी तिकडे कुठल्याशा तळाच्या फुटबॉल क्लबात बॅकला, म्हणजे मागे बचावाला, खेळायचे. आल्या आल्या त्यांनी कामगारांची टीम उभी केली आणि स्वतःही तीत बॅकला उतरले.

एकदा मी विचारलं, "साहेब, तिकडे गोल किती मारले?"

"एक."

"वा! कुणावर?"

"अपने ही गोल में!"

त्या गोलाने क्लब खालच्या लीगमध्ये गेला म्हणे. साहेब म्हणाले, "लोग मेरा नाम भूल गया. गोल नहीं भूला." 

तेव्हापासून साहेबांचा एक तरी सरळ गोल व्हावा, हा आम्हा सगळ्यांच्या जिवाला घोर लागला.

*

आमचा तुकाराम कापसाच्या गठाणी उचलणारा, अंगाने रेडा. पण समोरच्याला पाय लागला की खेळ सोडून थांबायचा, त्याला हात लावून कपाळाला लावायचा. तोवर बॉल आमच्या गोलात!

साहेब मागून ओरडायचे, "तुकाराम! पहले बॉल, बाद में नमस्ते!"

*

शिरपूरच्या टीमशी मॅच होती. त्यांचा एक गडी बॉल घेऊन सुसाट आला आणि तुकाराम चक्क बाजूला झाला. गोल! साहेबांनी टोपी आपटली.

"काहून सोडला त्याले?" मी विचारलं.

"जावाई हाय तो माहा! जावयाले लाथ मारू काय? पोरगी परत माह्या घरी येऊन बसन ना!"

*

मॅचच्या आदल्या दिवशी साहेबांना घास जात नसे. इंजिनाचा काटा पुन्हा पुन्हा बघत, बुटांची नाडी सोडून परत बांधत.  त्यात एका मॅचआधी त्यांचा जुना दुखरा गुडघा सुजायला लागला. डॉक्टरांनी बजावलं, "ही शेवटची मॅच. पुढे खेळलात तर काठी घ्यावी लागेल."

मॅच मंगरूळपीरशी होती. साहेबांच्या त्या एका गोलाची आणि ही त्यांची शेवटची मॅच असल्याची गोष्ट तिथवर पोचली होतीच. अशा गोष्टी आमच्याकडे बैलगाडीच्या आधी पोचतात!

*

ती मॅच. शेवटची मिनिटं, गोल कुणाचाच नाही. अचानक रेफ्रीने शिट्टी मारली. "हँड! पेनल्टी!" कुणाचा हात, कुठे लागला, देव जाणे. मंगरूळपीरवाल्यांनीही विचारलं नाही!

साहेबांनी बॉल ठेवला.  

समोर मंगरूळपीरचा गोलकीपर सलीम, बांगड्यांच्या दुकानातला पोरगा. तो गोल सोडून खांबाच्या बाहेर जाऊन उभा राहिला. "मारा सायेब. मी नाई अडवत."

साहेबांनी बॉलवर पाय ठेवला. "अंदर आओ."

"पन सायेब, तुमचा गोल..."

"अंदर!" साहेब असे ओरडले की सलीम दचकून आत आला. डोळे मिटून, हात जोडून उभा राहिला.

"आँख खोलो!"

त्याने डोळे उघडले. साहेब लंगडत मागे गेले, धावत आले, आणि जो काही फटका मारला! मारताच गुडघ्याने दगा दिला, साहेब तोंडावर आपटले.

 मातीत पडल्या पडल्या साहेबांनी विचारलं, "गया?"

 तुकारामाने मान फिरवली. मी माझ्या वहाणांकडे बघत राहिलो.

सलीम हळूहळू चालत आला. बॉल छातीशी घट्ट धरलेला, डोळ्यांतून पाणी. तो साहेबांपुढे गुडघ्यावर बसला.

"माफ करजा सायेब... हात आपसुकच गेले!"