बोलपटात न बोललेल्या शेवंताबाई

वैनगंगेपलीकडे आरमोरीच्या बाजूला मी पहिल्यांदा गेले ती एका नटीला शोधायला. पन्नासचं दशक होतं. चंद्रपूरला तेव्हा चांदा म्हणत. नागपूरच्या एका साप्ताहिकात मी सिनेमाचं पान लिहायचे. मूकपट गाजवलेल्या शेवंताबाई तिकडच्या खेड्यात राहतात असं कळलं, तसं संपादकांनी मला पाठवलं. "मथळा ठरलाय," ते म्हणाले, "विझलेली तारका."

नागपूरहून अरुंद रुळांच्या छोट्या गाडीने नागभीड, मग ब्रह्मपुरी, पुढे नदीपर्यंत बैलगाडी. धान कापून झालेलं, बांधांवर कोवळं ऊन. नदी ओलांडायला डोंगा, माणशी दोन आणे. डोंगा चालवणारे महादूभाऊ बाईंचेच धाकटे भाऊ निघाले.

"भेटा, पन सिनेमाचं ते काई बोलाची नाई," ते म्हणाले.

पण घरी भात नि तलावातल्या मासोळीचं कालवण वाढता वाढता बाई बोलल्या. वडील मजुरीसाठी घरच्यांना घेऊन मुंबईला गेले, तेव्हा त्या दहा-बारा वर्षांच्या होत्या. पुढे खाडीत पोहताना एका कंपनीवाल्याने त्यांना पाहिलं. त्याला पाण्यात उडी मारणारी नायिका हवी होती. आठ वर्षं त्यांनी घोडे पळवले, जळत्या घरांतून उड्या टाकल्या. मग बोलपट आले. आवाजाच्या चाचणीत वाक्य होतं, 'मला सोडून जाऊ नका.'

"म्या म्हटलं, मले सोडून जाऊ नका. सारे हासले. दिवसभर तेच म्हनवलं माह्याकडून. मंग वापस आली."

दुसऱ्या दिवशी दुपारी गावात दंडारीची, म्हणजे गावकऱ्यांनीच बसवलेल्या नाटकाची, रंगीत तालीम होती. स्त्रियांच्या भूमिका पुरुषच करत. बाई त्यांना शिकवायच्या, स्वतः कधी उभ्या राहायच्या नाहीत. नेमका राणी होणारा गडी तापाने फणफणला.

"तूच उभी राह्य ना, बाई," महादूभाऊ म्हणाले.

"मी नाई. लोक हासतीन."

"काऊन हासतीन? इथी सारे तसेच बोलतेत."

बाई बराच वेळ खांबाला धरून बसल्या. मग पदर खोचून उठल्या. राजा वनात निघाला.

"मले टाकून कुठी चालले, महाराज?"

पहिल्या शब्दाला आवाज कापला, नंतर नाही. कुणी हसलं नाही. तालीम बघायला जमलेल्यांत पुढच्या बायका डोळे पुसत होत्या. प्रवेश संपल्यावर बाई धापा टाकत माझ्याशेजारी बसल्या.

"मांगच्याइले आयकू गेलं का?"

"अगदी मागच्या सगळ्यांना गेलं," मी म्हणाले.

नागपूरला आल्यावर मथळ्यावरून संपादकांशी भांडले. तिसऱ्या दिवशी त्यांनी तो सोडला. तुम्हाला तिकडे जायचं असेल तर थंडीत जा. आता नदीवर पूल आहे आणि दंडार अजूनही होते. माझ्या लेखात बाईंच्या साऱ्या चित्रपटांना दोन ओळी होत्या, त्या एका दुपारला दोन पानं. इतक्या वर्षांनीही मला तेच प्रमाण बरोबर वाटतं.