सासऱ्याच्या गळ्यातला दोर

अकोल्याहून निघालो अन् अंजनगाव सुर्जी येईपर्यंत मी नुसते व्हिडिओच काढत होतो. लय खूश होतो ना! कॉलेजातल्या सोमानं घरी बोलावलं होतं. सोमा कोरकू आदिवासी आहे. त्याहिचं गाव पहाडात होतं, ते विजेच्या धरणात गेलं. आता सगळे खाली पत्र्याच्या घरांत राहतात.

परतवाड्याहून काळीपिवळी जीपनं पोचलो. सोमाच्या मायनं, फुलामावशीनं, कुटकीचा (बारीक पहाडी धान्य) भात अन् अंबाडीची भाजी वाढली. तिखटानं माह्या नाकातून पाणी आलं, तं मावशी म्हणे, अकोल्याचे लोक नुसते बोलालेच तिखट दिसतात.

कोपऱ्यात कोरलेला सागवानी खांब उभा होता. त्यावर घोडा, वर चंद्र-सूर्य. मी हात लावाले गेलो, तं सोमा हळूच म्हणाला, "बाबा आहे तो."

त्याचे बाबा तीन वर्षांखाली वारले. मेलेल्याच्या नावाचा असा मुंडा (कोरीव खांब) जुन्या मुंड्यांजवळ गाडतात. तोपर्यंत माणूस पूर्वजांत जात नाही, घरातच अडकून राहते. अन् ती जागा धरणात. पाणी उतरलं तरच उघडी पडते. दोन उन्हाळे पडलीच नाही. यंदा पाणी थोडं तरी उतरलं होतं.

सकाळी मुंडा डोंग्यात (लहान होडीत) आडवा ठेवून आमी तिघं निघालो. पाण्यावर वीतभर खुंटा दिसला. काहीतरी काम करून दाखवावं म्हणून म्या झटकन डोंग्याचा दोर त्याले बांधला.

मावशी म्हणाली, "सोड बापू. माह्या सासऱ्याच्या गळ्याले दोर बांधला तू."

माह्या हातानं गाठच सुटेना. सोमानं सोडली अन् तिथंच पाण्यात उतरला. छातीएवढं पाणी. सब्बल (पहार) मारली, तं खाली गाळच गाळ. खड्डा होते न होते तं भरून जाये. शेवटी मावशीनं मुंडा तसाच गाळात उभा धरला. हात सैल केला. खांब कलला, वर आला, तरंगत डोंग्याले येऊन टेकला.

"यालेबी आमाले सोडून जाऊ नाही वाटून राहिलं," ती हसली. मंग तोंडात पदर धरून बसली. 

मुंडा पुन्हा कोपऱ्यात उभा केला. मावशीनं तो पदरानं पुसला अन् त्याच्यासमोर भात ठेवला.

येताना एकही व्हिडिओ काढला नाही. घरी आईनं पहिले तेच विचारलं, जे आठ-आठ दिवस नळाची वाट पाहणाऱ्या आमच्या अकोल्यात कोणीबी विचारते, धरणात पाणी किती आहे?

"लय आहे," मी म्हटलं.

"बरं झालं बाई," आई म्हणाली.