हीटर चालू होता

लडाखच्या पोस्टिंगमध्ये मी रिकव्हरी गाडीवर होतो. कॉन्व्हॉय निघाला की आमची गाडी सगळ्यांत शेवटी. पुढे कोणाचं वाहन बंद पडलं तर ते सुरू करायचं, नाही झालं तर ओढून न्यायचं. माझा ट्रेड व्हेइकल मेकॅनिक, रँक हवालदार. त्याच युनिटमध्ये लान्स नायक प्रशांत भोयर अँब्युलन्सचा ड्रायव्हर होता. आम्ही दोघंही भिलाईचे. माझे वडील सेक्टर दोनच्या क्वार्टरमध्ये राहायचे, त्याचे मरोद्याला. चारचौघांत तो मला उस्ताद म्हणे, एकटा असला की भाऊ. युनिटमध्ये मराठी बोलायला आम्ही दोघंच होतो.

प्रशांत त्या पोस्टिंगमध्ये गेला. त्याचा देह घेऊन भिलाईला मीच आलो. त्या दिवशी मरोद्यात फार गर्दी होती. साहेब लोक होते, भाषणं झाली. त्याचे वडील धनराजकाका दाराजवळ उभे होते. त्यांनी मला काहीच विचारलं नाही. नंतरही कधी विचारलं नाही.

रिटायर झाल्यावर मी भिलाईतल्या हुडको वसाहतीत छोटं गॅरेज टाकलं. काकांकडे जाणं-येणं होतं. दिवाळीला फराळाचा डबा यायचा. प्रशांतच्या तिथीला मी सकाळी जाऊन बसायचो. चहा व्हायचा, पाणी कधी येतं, पेन्शन कधी जमा होते, असं बोलणं व्हायचं. त्याचं नाव निघत नसे.

गेल्या हिवाळ्यात एका रविवारी सकाळी आशाकाकूंचा फोन आला. काकूंना कॅन्सर होता. उपचार रायपूरच्या दवाखान्यात चालू होते. पहाटे निघावं लागे. काका स्वतः गाडी चालवत.

"हेमराज, गाडीतल्या हीटरचा पंखा बंद हाये," काकू म्हणाल्या. "दिवाळीपासून बंद हाये. तुह्ये काका सांगत नाहीत. मले लय थंडी वाजते रे येता-जाता. उद्या पुन्हा जाचं हाये."

"मले कावून नाही सांगितलं काकू?"

"मी म्हटलं त्यायले. ऐकत नाहीत."

हत्यारांची पेटी घेऊन मी मरोद्याला गेलो. काका अंगणात गाडीजवळच होते. मला पाहून त्यांना फार आनंद झाला असं दिसलं नाही.

"इतकी काही थंडी नसते आपल्या इकडं," ते म्हणाले. "शाल घेते तुही काकू."

"काचेवर धुकं नाही जमत का?"

"जमते. पुसून घेतो फडक्यानं."

मग थांबून म्हणाले, "मागच्या वेळी कुम्हारीजवळ ट्रक दिसलाच नाही मले. अगदी जवळ आला तवा दिसला."

हे त्यांनी काकूंना सांगितलेलं नव्हतं.

मी किल्ली ऑन केली. पंख्याचं बटण एकपासून चारपर्यंत फिरवलं. आवाज नाही, हवा नाही. फक्त खालच्या स्पीड गेल्या असत्या आणि चारवर पंखा फिरला असता, तर वेग कमी-जास्त करणारा रेझिस्टर गेला म्हणायचं. इथे काहीच नव्हतं. फ्यूज काढून पाहिला. चांगला होता. डाव्या सीटसमोरचा खण उतरवला. त्याच्या मागे, खालच्या बाजूला ब्लोअरची मोटर असते. कनेक्टर सोडवून टेस्ट लॅम्प लावला. दिवा लागला. म्हणजे करंट येत होता, अर्थिंगही ठीक होतं. कनेक्टर परत बसवला, बटण चारवर ठेवलं आणि स्क्रू ड्रायव्हरच्या मुठीनं मोटरवर हलकेच ठोकलं. पंखा घरघरला, एक-दोन फेरे फिरला आणि थांबला.

"मोटर गेली काका. आतले कार्बन घासले."

"बदलावीच लागते?"

"हो. नवी आणतो."

पॉवर हाऊसच्या बाजारातल्या ओळखीच्या दुकानातून मोटर आणली. कनेक्टरचं प्लॅस्टिक उष्णतेनं तपकिरी झालं होतं, म्हणून तोही नवा घेतला. जुन्या कनेक्टरवर नवी मोटर लावली की थोड्या दिवसांत तो जळतो आणि माणूस दोष मोटरला देतो.

परत येईपर्यंत उन्हं आली होती. काका खुर्ची घेऊन गाडीच्या उघड्या दाराशी बसले होते. मी बॅटरीची निगेटिव्ह तार काढली, खाली वाकून मोटरचे स्क्रू सोडवले आणि मोटर पंख्यासकट खाली ओढली. पंख्याच्या जाळीत कडुनिंबाची वाळलेली पानं आणि उंदरानं आणलेला कापूस होता. सगळं काढून जागा पुसली.

काकांनी जुनी मोटर हातात घेतली. पंखा बोटानं फिरवून पाहिला. अडकत होता.

"हेमराज," ते म्हणाले, "त्याच्या गाडीचा हाच पंखा बंद पडला होता ना?"

मी डॅशबोर्डखाली होतो. लगेच बाहेर आलो नाही.

"तुमाले कोणी सांगितलं काका?"

"त्यानंच. शेवटचा फोन आला होता त्याचा. म्हणे, बाबा, गाडीचा हीटर बंद पडला, हात गोठून गेले. मंग लाइन कटली. दुसऱ्या दिवशी तुमच्या साहेबाचा फोन आला."

मी बाहेर येऊन जमिनीवरच बसलो. काका मोटरकडे पाहत बोलत होते.

"मी जनमभर स्टील प्लांटात भट्टीजवळ काम केलं. उन्हाळ्यात अंगाची चामडी निघे. अन् पोरगं माह्यं थंडीनं गेलं. बंद गाडीत बसून. कोणाले विचारू? विचारून काय करू? पण ह्या पंख्याले हात लावाची हिंमत नाही झाली मले."

"काका, तो थंडीनं नाही गेला."

त्यांनी वर पाहिलं.

मग मी सांगितलं. ते इथेही सांगतो.

त्या दिवशी आमचा कॉन्व्हॉय खिंड ओलांडून पलीकडे खाली फील्ड हॉस्पिटलकडे चालला होता. प्रशांतच्या अँब्युलन्समध्ये एक जवान होता, छातीत पाणी भरलेला, ऑक्सिजनवर. उंचीवर तसं होतं. त्याला लवकर खाली नेणं आणि गरम ठेवणं, एवढंच हातात असतं. चढ संपायच्या आत अँब्युलन्स थांबली. रेडिओवर कॉन्व्हॉय कमांडर आले. अँब्युलन्सचा रेडिओवरचा नंबर फोर होता.

"फोर, गाड़ी क्यों रोकी? ओव्हर."

"फोर. हीटर का पंखा बंद है सर. पेशंट ठंडा पड़ रहा है. ओव्हर."

"रिकव्हरी, आगे जाओ. कितना टाइम? ओव्हर."

"देखके बताता हूँ सर. ओव्हर."

मी पुढे गेलो. तपासणी तीच, मरोद्याच्या अंगणात केली ती. फ्यूज ठीक, करंट ठीक, मोटर मेलेली. स्पेअर नव्हता. माझी रिकव्हरी गाडी त्याच मेकची होती, म्हणून तिचा पंखा काढून अँब्युलन्सला लावला. हातमोजे घालून ते स्क्रू पकडता येत नाहीत, आणि उघड्या हातानं लोखंडाला कातडी चिकटते. प्रशांत मला वाऱ्यापासून आडोसा म्हणून उघड्या दारात ब्लँकेट धरून उभा होता.

"भाऊ, हात निळे पडून राहिले तुमचे," तो म्हणाला. "माह्या बगलेत द्या थोडा वेळ."

मी दिले. मग पुन्हा कामाला लागलो. पंखा फिरला. पेशंटजवळ बसलेल्या नर्सिंग असिस्टंटनं, गरम हवा येतेय म्हणून, आतून काचेवर दोनदा थाप मारली. तो जवान वाचला. हॉस्पिटलमधून प्रशांतनं घरी फोन लावला. पंखा बदलला हे सांगण्याच्या आत लाइन गेली असणार.

दुसऱ्या दिवशी आम्ही रिकामे परत निघालो. अँब्युलन्स पुढे होती. मागे दोन ट्रक आणि त्यांच्या मागे मी. माझ्या गाडीला हीटर नव्हता, म्हणून आम्ही सगळे कपडे अंगावर चढवून बसलो होतो. खिंड ओलांडून उतरताना एका वळणापलीकडे रस्त्यावर बर्फ आलेला होता. प्रशांतनं गाडी थांबवली. आम्हाला ते दिसत नव्हतं. त्या वळणावर रेडिओही पोचत नव्हता. वरच्या उतारावर अजून बर्फ लटकलेला होता. आमचे ट्रक नेमके त्याच्या खाली येऊन उभे राहिले असते.

तो इंजिन चालू ठेवून उतरला आणि वळणावरून मागे आमच्याकडे धावत आला. हातात लाल झेंडी होती. पहिल्या ट्रकनं ब्रेक लावला. ट्रक घसरत घसरत त्याच्यापासून थोड्या अंतरावर थांबला. मागे आम्हीही थांबलो. प्रशांत दोन्ही हातांनी रिव्हर्सची खूण करत होता. पहिला ट्रक मागे सरकू लागला, तेव्हा वरचा बर्फ सुटला आणि प्रशांत त्याखाली गेला.

आम्ही फावड्यांनी आणि हातांनी खोदलं. मिळाला तेव्हा तो गेलेला होता. डॉक्टरांनी नंतर सांगितलं, मानेला मार बसला, जागच्या जागी गेला. थंडी वाजायला वेळच मिळाला नाही.

मग मी बर्फावरून चालत पुढे अँब्युलन्सपर्यंत गेलो. तिला काही झालं नव्हतं. इंजिन चालू होतं. हीटर चालू होता. दार उघडलं तर आतली गरम हवा तोंडावर आली. मी किल्ली फिरवून इंजिन बंद केलं.

एवढं सांगून झालं. काकांनी मोटर खाली ठेवली.

"म्हंजे मागच्या गाडीत तू होता," ते म्हणाले.

"हो काका."

पलीकडच्या घरातून कुकरची शिट्टी ऐकू आली. मग त्यांनी विचारलं, "अन् तो आत नव्हता?"

"नाही काका. बाहेर होता. उभा होता."

काका उठून घरात गेले. मी नवा कनेक्टर जोडला, मोटर बसवली, स्क्रू आवळले, बॅटरीची तार लावली. ते बाहेर आले तेव्हा तोंड धुतलेलं होतं. ड्रायव्हर सीटवर बसले आणि त्यांनी स्वतः बटण फिरवलं. पंखा चारही स्पीडवर चालला. इंजिन तापल्यावर त्यांनी जाळीसमोर हात धरला आणि तसाच ठेवला.

सोमवारी पहाटे मी त्यांच्याबरोबर रायपूरला गेलो. गाडी मी चालवली. धुकं होतं, काच साफ राहिली. काकू पुढे बसल्या होत्या. चरोदा गाव मागे गेल्यावर काका मागून म्हणाले, "आशा, आपला पशा गाडीत नव्हता. बाहेर होता. गाड्या थांबवून राहिला होता." आणि मी सांगितलेलं सगळं त्यांनी काकूंना सांगितलं, माझ्यापेक्षा कमी शब्दांत.

काकूंनी शाल अंगावरून काढून मांडीवर घेतली होती. टाटीबंधचा चौक आला तेव्हा त्या माझ्याकडे वळल्या.

"जेवला होता का रे तो त्या दिवशी?"

"हो काकू. निघताना फौजेच्या लंगरमध्ये, जेवणघरात, पुरी अन् आलूची भाजी होती. त्यानं दोनदा घेतली."

"आलूची आवडे त्याले," त्या म्हणाल्या आणि खिडकीबाहेर पाहू लागल्या.

हिवाळाभर त्यांच्या फेऱ्या चालल्या. जमेल तेव्हा मी जात होतो. होळीनंतर डॉक्टरांनी उपचार थांबवले. उन्हाळा सरायच्या आत काकू गेल्या. अखेरच्या दिवसांत त्यांना घरातच थंडी वाजायची. मरोद्यात पंखे, कूलर सुरू झाले होते आणि काका दारं-खिडक्या लावून त्यांच्याजवळ बसलेले असत.

यंदा प्रशांतच्या तिथीला मी नेहमीसारखा सकाळी गेलो. घरात काका एकटेच होते. चहा त्यांनी केला, साखर जास्त पडली होती. पाण्याचं आणि पेन्शनचं बोलणं झालं नाही.

"त्या दोन ट्रकांत कोण कोण होते?" त्यांनी विचारलं.

मी सांगितलं. पहिला ट्रक सिपाही गुरनाम चालवत होता, पंजाबचा. दुसरा नायक मुरुगन, तामिळनाडूचा. दोघांचे सोबती होतेच. माझ्या गाडीत मी आणि आमचा ड्रायव्हर यादव.

काकांनी नावं हळूहळू म्हणून पाहिली. मुरुगन त्यांना पहिल्यांदा नीट म्हणता आलं नाही. मी पुन्हा सांगितलं.

"बरे हायेत ना सगळे?"

"बरे हायेत काका. गुरनाम शेती करते. मुरुगनच्या पोरीचं लग्न झालं मागच्या साली. यादव अजून फौजेतच हाये, सुभेदार झाला."

"पशापेक्षा लहान होता का यादव?"

"एखाद्या वर्षानं."

"मंग पशाही सुभेदार झाला असता आता," काका म्हणाले.

"झाला असता काका," मी म्हणालो.