वकीलसारांवरची केस वकीलसारांनीच लिहिली

वकिलाच्या ऑफिसात फायली बंद होतात, गोष्टी बंद होत नाहीत. त्या साठत जातात. मी नववीत शाळा सोडली, टायपिंग शिकलो आणि तंजावूरला वेंकोबाराव वकिलांकडे टायपिस्ट म्हणून बसलो. चारचौघांत माझं तोंड उघडत नाही, त्यामुळे ऐकलं मात्र पुष्कळ.

आमच्याकडे बहुतेक घरमालकच यायचे. भाडेकरूला काढायचं तर भाडे नियंत्रण कायद्यात मोजकीच कारणं आहेत, आणि त्यातलं एक तरी लागू पडावं लागतं. मालकांकडे कारण असायचंच. फक्त ते कायद्यात नसायचं!

*

एक मालक आले. भाडेकरू पहाटेपासून मृदंग वाजवतो, म्हणाले. वकीलसार खूश झाले. शेजाऱ्यांना उपद्रव, हे पक्कं कारण. मी मशीनवर कागद चढवला. सारांनी विचारलं, आवाज फार मोठा आहे का?

"आवाजाचं काही नाही, सार. तिसऱ्या टाळीनंतर घाई करतो. तीन वर्षं ऐकतोय, सुधारणा नाही."

सारांनी मला कागद काढायला सांगितला. ताल चुकणं कायद्यात बसत नाही, हे त्यांनी मालकांना फार हळुवारपणे सांगितलं. मालक दारापर्यंत गेले आणि परत वळले. कायदा बदलला तर कळवाल का, असं विचारून गेले.

*

चार महिने जागा वापराविना बंद ठेवली, तर तेही कारण होतं. एका मालकांचा भाडेकरू भातशेतीसाठी पापनाशमजवळच्या गावी जाऊन बसला होता. मालक कॅलेंडरवर दिवस मोजत होते. चार महिने भरायला तीन दिवस असताना भाडेकरू मोपेडवरून आला, कुलूप उघडलं, दिवा लावला, मालकांकडे जेवला आणि परत गेला.

याला बरोबर तारीख कळली कशी, म्हणून सार चिडले.

"मीच पत्र टाकलं, सार," मालक म्हणाले. "चार महिने भरत आले, येऊन जा, नाहीतर केस करावी लागेल, असं."

*

आमचं ऑफिस म्हणजे अक्कांच्या घराच्या पुढच्या दोन खोल्या. सव्वीस वर्षं सार तिथे भाडेकरू. अक्का सत्तरीच्या. नवरा गेल्यापासून त्यांचे सगळे कागद सारच बघायचे. रोज अकराला आतून डबरा-टंबलरमध्ये, म्हणजे पितळी वाटी-पेल्यात, दोन कॉफ्या यायच्या, एक सारांना, एक मला. घरी मराठी बोलायचो, पण माझी शाळा तमिळ. देवनागरी अक्षरं मला अक्कांनीच गिरवायला लावली, रद्दी अर्जांच्या पाठीवर.

एके दिवशी कॉफीबरोबर अक्काही आल्या आणि अशिलाच्या खुर्चीत बसल्या.

"वेंकोबा, एक भाडेकरू काढायचाय."

सारांनी वही उघडली. "कोण, अक्का? मागचा शिंपी?"

"तू."

त्यांचा मुलगा रघू बेंगळूरहून शिकून आला होता. तेव्हा रस्त्यारस्त्यावर एसटीडी बूथ आणि कंप्युटर सेंटर उघडत होती. रघूला पुढच्या खोल्यांत सेंटर हवं होतं. सार म्हणाले, मग नुसतं सांगायचं, केस कशाला?

"नुसतं सांगितलं तर तू उद्याच जाशील."

दुसऱ्या वकिलाकडे जा म्हटलं, तर दुसऱ्यावर विश्वास नाही म्हणाल्या.

*

म्हणून सारांनी स्वतःवरचा अर्ज स्वतःच सांगितला आणि मी टाइप केला. या खोल्या गेल्या की सार घरून काम करणार होते. त्यांच्या घरी दुसऱ्या टेबलाला जागा नव्हती, आणि दुसरं टेबल माझं. त्या दिवशी माझा स्पीड फार कमी पडला.

सार एकेक कारण अक्कांना विचारत होते. भाडं थकलं? कधीच नाही. जागेची नासधूस? नाही. उपद्रव?

"खोकतोस तेवढाच."

उरलं एक, मालकाच्या घरच्यांना धंद्यासाठी गरज. पण धंदा आधीच चालू असेल तर केस भक्कम होते, आणि रघूचा कंप्युटर अजून खोक्यात होता. सारांनी आपल्याच खोलीतलं अर्धं टेबल त्याला देऊन टाकलं. कंप्युटरला धूळ लागू नये म्हणून अशील चपला बाहेर काढू लागले. कोर्टातही आम्हाला एवढा मान नव्हता.

आठवड्यानं सार कायद्याचं पुस्तक घेऊन आत धावले. "अक्का, दुसरं कारण सापडलं! मी तुमच्या लेखी परवानगीशिवाय पोटभाडेकरू ठेवलाय."

"मेल्या, कुणाला?"

"रघूला."

*

अर्ज दाखल झाल्यावर सार म्हणाले, मालक भाडेकरूला रोज कॉफी पाजतो हे कळलं, तर गरज खरी आहे असं कोर्टाला वाटणार नाही. अक्कांनी कॉफी बंद केली. दोन दिवस सार डोकं धरून बसले.

तिसऱ्या दिवशी अकराला विहिरीकडच्या खिडकीतून दोन टंबलर आत आले. मागून आवाज, "ही मी दिलेली नाही."

*

सुनावणीला अक्का, सार आणि मी एकाच ऑटोतून गेलो. अक्कांच्या बाजूनं नावाला उभे राहणारे पापनाशमचे वकील बस चुकल्यानं आलेच नाहीत. मुन्सिफसाहेबांनी अक्कांनाच विचारलं, मुलाचा धंदा सध्या कुठे चालतो?

"त्याच खोलीत. वेंकोबानं टेबल दिलंय."

"वेंकोबा कोण?"

अक्कांनी सारांकडे बोट दाखवलं.

साहेबांनी अर्ज पुन्हा वाचला. "मुलाला जागा मिळालेलीच आहे. मग यांना काढायचं कशाला?"

सव्वीस वर्षांच्या सवयीनं अक्का सारांकडे वळल्या. "वेंकोबा, आता काय सांगू?"

सारही सवयीनंच उठले. "युवर ऑनर, आम्हाला मुदत हवी."

"आम्हाला म्हणजे कुणाला? मालकाला की भाडेकरूला?"

दोघांनी एकदमच हात वर केले. मागच्या बाकावर माझाही हात वर गेला होता.