साहेबांचं वरण बंद केलं त्याची गोष्ट

महाराष्ट्र नवा होता, चिखलीत वीज नवी होती आणि माझी डाळ मिल त्या दोघांहून नवी. मोटर सुरू केली की मेहकरापर्यंतच्या म्हशी पान्हा चोरतात, असं लोक सांगत. मी ते कधी खोडून काढलं नाही. उद्योगाला सवलतीच्या दरानं वीज मिळेल, या सरकारी शब्दावर मी जुनं डिझेल इंजिन विकून बसलो होतो. सवलत राहिली तर मिल राहणार होती. नाही तर मी आणि मोटर, दोघंही भंगारात.

वीज कार्यालयात नवे साहेब आले, पुण्याकडचे, पँटची इस्त्री अशी की तिच्यावर कांदा कापावा. ते मिल बघायला आले. मी हौसेनं सगळं दाखवलं. तुरीला तेल चोळून गच्चीवर कशी वाळवतो, चक्कीत टरफल कसं सुटतं, चुरी कुठे पडते, डाळ कुठे पडते. चहा पाजला, वर लाडू खाऊ घातला. साहेबांनी मिशीवरची लाडवाची कणी पुसली आणि म्हणाले, "शेठ, इथे तयार काहीच होत नाही. तूर आत जाते आणि तूरच बाहेर येते. साल तेवढी निघते. हे तर बायका घरी करतात."

पुढचं बिल सवलत काढून दुकानाच्या चढ्या दरानं आलं. बिलाचं मला तितकं लागलं नाही, पण माझा लाडू पोटात घेऊन हा माणूस माझ्या मिलला घरकाम म्हणाला. त्या दिवशी माझ्या डोक्यातून एवढी वाफ निघाली की तिच्यावर आणखी एक मिल चालली असती.

बुलढाण्याच्या कोर्टात दावा टाकला. तारखांवर तारखा पडू लागल्या. आमचे वकील डोळे मिटून ऐकत, आणि झोपले म्हणावं तर मधेच मुद्द्याचं विचारत. इकडे मिल अर्धा दिवस चालवायची पाळी आली. गावातल्या बाकीच्या डाळवाल्यांनाही तशीच बिलं आली होती. एका संध्याकाळी सगळ्यांना मिलच्या ओट्यावर बसवलं आणि सांगितलं की आजपासून साहेबांच्या घरी डाळीचा दाणा जाता कामा नये. जाईल ती अख्खी तूर.

साहेबांचा शिपाई डाळ घ्यायला आला, तूर घेऊन गेला. दुसऱ्या दुकानी गेला, तिथेही तूर. बुलढाण्याच्या किराणा दुकानांत मी निरोप धाडला. पार वरवट बकालपर्यंत धाडला, आता तिथे साहेब कशाला मरायला जाणार होते, पण सूड म्हटला की त्याला शिवार मोठंच पाहिजे. शेवटी साहेब स्वतः मिलला लागून असलेल्या माझ्या दुकानात आले. डाळ द्या म्हणाले. मी तूर मोजायला घेतली.

"ही तूर आहे, शेठ."

"काऊन साहेब? तुमच्या लेखी तं दोन्ही एकच हाय. घरी नेऊन सोला. बायकाईचंच काम हाय म्हने ते."

दुकानात बसलेली चार माणसं तोंडात धोतराचा सोगा कोंबून हसली. साहेब तुरीची पिशवी उचलून गेले. वरण-भाताशिवाय ज्याचा घास उतरत नाही असा तो माणूस, महिन्याभरात इतका सुकला की त्यांची जीप खड्ड्यात गेली तर साहेब टपातून बाहेर पडतील अशी ड्रायव्हरला धास्ती. मला दया आली का? छे. मी रोज दोन वाट्या वरण जास्त ओरपलं.

साक्षीचा दिवस आला. साहेब पिंजऱ्यात उभे. आमच्या वकिलांनी डोळे उघडले आणि विचारलं, जेवता कुठे, काय जेवता. सरकारी वकील हरकत घेत उठले, पण न्यायाधीशांनी त्यांना बसवलं. महिन्याभराची भूक साहेबांच्या तोंडून बोलली.

"काय जेवणार? सगळं गाव मला तूर विकतं. तुरीचं वरण होत नाही, वकीलसाहेब."

"का होत नाही?"

"अहो, डाळ वेगळी, तूर वेगळी."

आमचे वकील खाली बसले आणि त्यांनी परत डोळे मिटले. निकाल आमच्या बाजूनं लागला. तुरीपासून डाळ ही नवी वस्तू तयार होते, म्हणून मिल हा उद्योग, म्हणून सवलत. मी चिखलीत असे फटाके उडवले की ढगांनी वाट बदलली. वरात मुद्दाम साहेबांच्या बंगल्यावरून नेली आणि दारात बँड थांबवून धरला.

पंधरवडा गेला नसेल, मिलसमोर जीप थांबली. आतून विक्रीकराचे अधिकारी उतरले, हातात आमच्याच निकालाची नक्कल. आजवर आम्ही विक्रीकरवाल्यांना लिहून देत आलो होतो की डाळ म्हणजे तीच तूर, तुरीवर कर भरलाय, डाळीवर परत कशाला? मिलवाले झाडून सगळे हेच लिहून देत. दावा लढताना ते एकालाही आठवलं नाही. जीपमध्ये मागच्या सीटवर आमचे साहेब बसले होते. खाली उतरले नाहीत. काच सरकवून तेवढं म्हणाले, "शेठ, नवी वस्तू म्हटली की नवा कर आलाच. अभिनंदन करायचं राहिलं होतं."

दुसऱ्या दिवशी मी बुलढाण्याला वकिलांसमोर. सगळं ऐकून ते म्हणाले, "म्हणजे आता आपण डाळ आणि तूर एकच आहे, असं म्हणायचं? त्याच कोर्टात?"

"काय म्हनायचं ते तुमी पाहा," मी म्हणालो. "मले तो मानूस परत पिंजऱ्यात पाह्यजे."